शेवटच्या रिळापर्यंत

क्वान पिक-लान हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. पडद्यावर ते यायचं तेव्हा लोक अंधारात अजून आपली खुर्ची शोधत असायचे, नाहीतर टरबुजाच्या बियांची पुडी सोडत असायचे. चेहरा मात्र ओळखाल. युद्धानंतरच्या त्या वर्षांत हाँगकाँगला ज्याने म्हणून कँटोनी सिनेमा पाहिला, त्याने आमच्या लानला मरताना पाहिलेलं आहे. ती क्षयाने मेली, बाळंतपणात मेली, सासूच्या जाचाने विहिरीत मेली, एकदा नवऱ्यासाठी भरलेला विषाचा पेला स्वतः पिऊन मेली. तिसऱ्या-चौथ्या रिळात ती गेली की बायका रुमालाआड हुंदके द्यायच्या, आणि मग खरी नायिका यायची आणि सिनेमा सुरू व्हायचा.

मी कौलूनच्या एका स्टुडिओत रंगभूषा करायची. मला सगळे साम-कू म्हणत, म्हणजे तिसरी आत्या. लग्न केलं नाही, म्हणून साऱ्या स्टुडिओची आत्या झाले. लानला मारायचं काम बहुतेक वेळा माझ्याच हातचं. तांदळाची पूड, डोळ्यांखाली काजळीचा हलका हात, ओठांवरचा रंग पुसून टाकायचा. आरशासमोर बसली की म्हणायची, "साम-कू, आज जरा चांगली मरू दे गं. गेल्या वेळी अगदीच भुतासारखी दिसत होते."

"भूतच होतीस तू त्यात," मी म्हणायची.

"मग भुताने काय नीटनेटकं राहू नये?"

आमच्या धंद्यात एक रीत आहे. कॅमेऱ्यापुढे जो मरतो, किंवा ज्याचा फोटो मृताचा म्हणून पूजेच्या चौरंगावर ठेवतात, त्याला लाल पाकीट द्यायचं. आतली रक्कम मामुलीच असते, पण ते हातातून हातात द्यायचं, दोन्ही हातांनी, आणि घेणाऱ्याने त्याच दिवशी त्याचं काहीतरी गोड आणून खायचं. तसं केलं की खोटं मरण तिथेच मिटतं, माणसाच्या मागोमाग घरी येत नाही. पाकीट पोचलं नसेल तर पुढे काम होत नाही. दिवेवाला दिव्याला हात लावत नाही, कॅमेरावाला कॅमेऱ्याला. मालक कितीही बोंबलू दे. आमच्याकडे हे पाकीट द्यायचं काम सामानसुमान सांभाळणाऱ्या कुनकाकाचं. माणूस तसा भित्रा, पण या बाबतीत खमका. लान शवपेटीतून उठायची, पाकीट घ्यायची, "चला, इडापिडा टळली!" म्हणायची आणि सगळ्यांना तिळाचे लाडू मागवायची. तिच्या मरणाचे लाडू आम्ही इतके खाल्लेत की माझी एक दाढ त्यातच गेली.

तिची आई मकाऊला असायची. जन्मभर फटाक्यांच्या कारखान्यात सुरनळ्या वळल्या म्हातारीने, तिथल्या धडाक्यांत कान गेले. स्वतःला ऐकू येत नसल्यामुळे ती सगळ्या जगाशी ओरडून बोलायची. लानचा प्रत्येक सिनेमा ती मकाऊच्या थिएटरात बघायची, लान मेली की उठून घरी जायची आणि लेकीच्या नावाने उदबत्ती लावायची. उरलेला सिनेमा तिने कधी पाहिलाच नाही. लान बोटीने भेटायला गेली की आधी तिचे दंड चाचपून बघायची आणि ओरडून विचारायची, "पुढच्यात तरी जगतेस का गं?"

"बघू, आई."

"शेवटपर्यंत राहशील असं एकदा कर. म्हणजे मलाही शेवट बघता येईल. शेवट कसा असतो ते मला ठाऊकच नाही!"

लान हे आम्हाला नकला करून सांगायची आणि आम्ही पोट धरून हसायचो. पण मला कळायचं, तिला हसू येत नव्हतं. पस्तिशीकडे झुकली होती. आणखी एक-दोन वर्षांत तिला तरुणपणी मरणंसुद्धा मिळणार नव्हतं, आया आणि मोलकरणी कराव्या लागणार होत्या. तिला एकच हवं होतं. एक सिनेमा, ज्यात ती शेवटच्या रिळापर्यंत असेल.

आता तोंग यी-फोंगबद्दल सांगते. सांगताना अजूनही माझं डोकं तापतं, तेव्हा जीभ सुटली तर सांभाळून घ्या.

फोंग युद्धानंतर फोशानहून आली, एक बोचकं आणि दोन टपोरे डोळे घेऊन. तिला राहायला जागा नव्हती. लानची गच्चीवरची खोली म्हणजे एक खाट आणि एक शेगडी, त्यातली अर्धी खाट लानने तिला दिली. कॅमेऱ्यापुढे कसं उभं राहायचं, प्रकाश चेहऱ्यावर कसा शोधायचा, रडताना नाक कसं ओढायचं नाही, पडताना कोपर कसं वाचवायचं, सगळं लानने शिकवलं. मी स्वतः पाहिलंय, रंगभूषेच्या खोलीत लान तिला रडायला शिकवत होती. "डोळे मिटू नकोस गं बये, पाणी आत जाईल. उघडे ठेव. कुणीतरी येणार आहे असं बघ, आणि तो येत नाहीये." फोंगच्या डोळ्यांतून टपकन पाणी आलं. त्या एका युक्तीवर पुढे तिने घर बांधलं.

दोघींनी कुआन-यिनच्या देवळात जाऊन बहिणीची शपथ घेतली. आमच्यात ही शपथ रक्ताच्या नात्याहून पक्की धरतात. दोघींनी मिळून उदबत्त्या लावल्या, एकाच पेल्यातला चहा प्यायल्या, आणि एकीचं सुख ते दुसरीचं, एकीचं दुःख ते दुसरीचं, असं देवीसमोर बोलल्या. साक्षीला मी होते. तिथून आम्ही फोटो काढायला गेलो. फोटोवाला म्हणाला, थोरलीने बसायचं, धाकटीने मागे उभं राहून तिच्या खांद्यावर हात ठेवायचा. लान बसली, फोंग उभी राहिली. लानचा चेहरा त्या फोटोत फार सुरेख आला होता, किंचित हसरा. दोघींनी एकेक प्रत घेतली.

फोंग वर चढली. चढणारच होती. रूप होतं, वय होतं. तीन वर्षांत तिचं नाव पाटीवर लानच्या नावाच्या वर गेलं, मग एकटंच मोठ्या अक्षरांत यायला लागलं. लानला याचं वाईट वाटलं असेल असं तुम्हाला वाटेल, पण नाही. ती पाटीखाली उभी राहून येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची, "ही माझी बहीण." मी म्हणायची, अगं वेडे, गप्प बस. ती म्हणायची, "का? देवीसमोर बोललेय की, तिचं सुख ते माझं."

आणि मग ती गोष्ट आली. आमच्या स्टुडिओत लाउसाहेब म्हणून दिग्दर्शक होते, मऊ मनाचे, मऊ कण्याचे. त्यांनी एक कथा लिहिली होती. एका शिंप्याची बायको मेलेली असते, घरात लहान मूल असतं, आणि घरची मोलकरीण त्या मुलाला आपलं म्हणून वाढवते. मोलकरणीचीच गोष्ट, पहिल्यापासून शेवटपर्यंत. शेवटी मुलगा मोठा होऊन तिला आई म्हणतो. मेलेली बायको फक्त फोटोत, चौरंगावर.

लाउसाहेब स्वतः रंगभूषेच्या खोलीत आले. लान आरशासमोर होती, मी तिला क्षयरोगी करत होते. नावाआधी मायेचा 'आ' लावून म्हणाले, "आ-लान, मोलकरीण तू करायचीस. ही तुझीच आहे."

लान म्हणाली, "मरते कधी?"

"मरत नाही."

"म्हणजे मध्ये आजारी पडते?"

"नाही गं. जगते. शेवटचा शॉट तिच्यावरच आहे."

लानने माझ्याकडे बघितलं आणि एकदम रडायला लागली. माझा सगळा क्षय धुऊन निघाला. पुन्हा रंगवावं लागलं, पण मी एका शब्दाने बोलले नाही.

तिने मोलकरणीच्या निळ्या जाकिटाचं कापड स्वतः दुकानात जाऊन निवडलं. माप दिलं. मकाऊला जाऊन आईच्या कानात ओरडून सांगून आली. म्हातारीने सगळ्या गल्लीला ओरडून सांगितलं.

एकच गोष्ट राहिली होती. निर्माता चुंगशेठ अजून पुरता हो म्हणाला नव्हता. आमच्याकडे सिनेमा आधी विकतात आणि मग बनवतात. सिंगापूरचे, मलायाचे वितरक नट-नट्यांची नावं ऐकतात आणि त्यावर उचल देतात. त्यांनी लानचं नाव ऐकून नाक मुरडलं तर? लान घाबरली होती. ती फोंगकडे गेली. फोंगने शेठला सांगितलं तर शेठ ऐकणार, एवढं तिचं वजन होतं.

"माझ्यासाठी शेठजवळ एक शब्द टाकशील का गं?" लानने विचारलं. मी तिथेच फोंगचे केस विंचरत होते.

"हे काय विचारणं झालं, ताई?" फोंग म्हणाली. "उद्याच जाते."

दुसऱ्या दिवशी ती गेली. परत येऊन म्हणाली, "सगळं ठरलं. तू काही काळजी करू नकोस. मुहूर्ताची तारीख निघाली की सांगते." लानने तिला मिठी मारली. फोंगनेही मारली. या मिठीचा मला आजही राग येतो.

मुहूर्ताच्या दिवशी सकाळी लानची आई मकाऊच्या बोटीने आली. हातात बदामाच्या बिस्किटांचा डबा आणि दुसऱ्या हातात फटाक्यांची लांबलचक माळ, तिने स्वतः वळलेली. "लेकीच्या सिनेमाला दुसऱ्याचे फटाके कशाला?" म्हणून ओरडली. लानने जांभळ्या रंगाचा नवा पोशाख शिवला होता. मी तिचा चेहरा केला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी त्या गालांना लाली लावली.

"कशी दिसते मी?" तिने विचारलं.

"जिवंत," मी म्हटलं.

आम्ही तिघी सेटवर गेलो. मध्ये टेबल मांडलेलं, त्यावर भाजलेलं अख्खं डुक्कर, फळं, उदबत्त्या. कॅमेऱ्यावर लाल कापड. सिंगापूरच्या वितरकाचा माणूस सूट घालून उभा होता. पलीकडे शिंप्याच्या घराचा सेट लावून तयार होता, पूजेच्या चौरंगासकट.

सगळ्यात आधी बघितलं ते म्हातारीने. तिचे कान गेले होते, डोळे नव्हते गेले.

"आ-लान!" ती ओरडली. सगळे वळले. "तुझा फोटो तिथे का लावलाय? पांढऱ्या फुलांत? पुढे उदबत्ती का लावलीय?"

चौरंगावर काळ्या चौकटीत लान होती. किंचित हसरी. मी तो चेहरा ओळखला, तुम्हीही ओळखला असेल. देवळातून आल्यावर काढलेला तो फोटो. फोंगची बाजू कात्रीने कापून टाकलेली होती. पण हात कापता आला नव्हता, कारण हात लानच्या खांद्यावर होता. हात कापला असता तर खांदाही गेला असता. कुनकाकाने त्यावर कागदाचं पांढरं फूल चिकटवलं होतं, पण बोटं दिसतच होती.

आणि मग दाराच्या बाजूने फोंग आली. केसांची वेणी, अंगात निळं जाकीट. लानने निवडलेलं कापड. फोंगच्या मापाला आत घेतलेलं.

लान म्हणाली, "हे माझं जाकीट आहे."

"ताई, मी सांगणार होते," फोंग म्हणाली. "खरंच. आज सांगणारच होते."

"कधी? डुक्कर कापून झाल्यावर?"

लाउसाहेबांचा चेहरा पडला. "आ-लान, तुला माहीत नाही? आ-फोंग तर म्हणाली की तूच सोडलंस. तूच तिला म्हणालीस म्हणे, माझ्या नावावर विकलं जाणार नाही, तू कर."

"असं मी म्हणाले?" लानने फोंगला विचारलं. आवाज अगदी साधा होता, भाजीचा भाव विचारावा तसा.

"शेठ सिनेमाच बंद करत होते, ताई! मी तुझं नाव घेतलं, देवीची शपथ, घेतलं. तर शेठ म्हणाले, सिंगापूरवाले हसतात. क्वान पिक-लान म्हटलं की विचारतात, कितव्या रिळात मरते?"

सूटवाला माणूस खाली बघायला लागला.

"मग? तू काय म्हणालीस?"

चुंगशेठच बोलला, त्याला कधी गप्प राहणं जमलं नाही. "काय म्हणणार? म्हणाली मी करते. धंदा आहे बाई, कीर्तन आहे का? आणि फोटोचं म्हणशील तर मेलेल्या बायकोसाठी कुणी फोटो देईना. कुणाला अपशकुन हवाय? ही म्हणाली, माझ्याकडे लानताईचा आहे, तिला सवय आहे."

तिला सवय आहे. मी तिथे उभी राहून हे ऐकलं. माझ्या हातात पावडरचा डबा होता, तो शेठच्या डोक्यात घालावा असं फार वाटलं. पण खरं सांगू, शेठचा तेवढा राग आला नाही. तो बोलूनचालून शेठ. फोंगने मात्र केसाने गळा कापला. त्या केसांना लानने रोज तेल लावलं होतं.

तेवढ्यात कुनकाका पुढे आला. तोंड पांढरं पडलेलं. "लानताई, पाकीट मिळालं ना तुला? फोटोचं पाकीट?"

"कसलं पाकीट?"

"मी आ-फोंगजवळ दिलं. ती म्हणाली मी बहीण आहे, पोचवते. मी म्हटलंसुद्धा की रीत तशी नाही, पण नायिका आहे, तिला नाही कसं म्हणू?"

"म्हणजे पोचलं नाही?" दिवेवाला वरून ओरडला.

"पोचलं नाही."

वरचा दिवा विझला. मग दुसरा. कॅमेरावाल्याने काढायला घेतलेलं लाल कापड पुन्हा टाकलं आणि विडी पेटवली. सगळी माणसं जागच्या जागी बसली. चुंगशेठ लाल झाला. "हा काय पोरखेळ लावलाय? मुहूर्त टळतोय!"

"टळू द्या," कुनकाका म्हणाला. "जिवंत बाईला चौरंगावर बसवलंय आणि तिला पाकीट नाही. मी हात लावणार नाही, शेठ. आणि दुसऱ्या कुणी तिच्या वतीने घेतलेलं चालत नाही. तिने स्वतः घ्यायला हवं."

फोंगने घाईघाईने पर्स उघडली. पाकीट आत होतं, पावडरच्या डबीखाली चुरगळलेलं. देण्याची हिंमत झाली नव्हती, कारण देताना सांगावं लागलं असतं. तिने ते दोन्ही हातांनी पुढे केलं. "घे ना गं ताई. शकुनाची वेळ आहे."

तेव्हा माझ्या लक्षात आलं. लानच्याही आलं असावं, कारण तिने मान ताठ केली. तिने घेतलं नाही तर सिनेमा सुरूच होणार नव्हता. आज नाही, उद्याही नाही. सूटवाला आल्या बोटीने परत गेला असता, आणि लाउसाहेबांना दुसरी नायिका आणि दुसरा फोटो शोधावा लागला असता. जन्मभर दुसऱ्यांच्या सोयीने मेलेल्या बाईच्या हातात एकदाच सगळा सेट आला होता.

"मी घेतलं नाही तर, कुनकाका?"

"तर आम्ही सगळे घरी."

"घेऊ नकोस, आ-लान," मी मोठ्याने म्हटलं. नोकरी गेली तर गेली. "अजिबात घेऊ नकोस. बोंबलू दे सगळ्यांना."

फोंगच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. उघड्या डोळ्यांतून, नाक न ओढता. लान तिच्याकडे बघत राहिली. ती युक्ती कुणाची होती ते आम्हा दोघींना माहीत होतं.

आणि मग म्हातारी मध्ये आली. तिला यातलं एक अक्षर ऐकू आलं नव्हतं. तिला फक्त दिसत होतं, लेकीचा फोटो पांढऱ्या फुलांत, त्यापुढे उदबत्ती, आणि लेक समोर आलेलं लाल पाकीट घेत नाहीये. तिने लानचा दंड धरला.

"घे! घे गं बाई आधी! काय बघत बसलीस?"

"आई, थांब. हे घेतलं तर माझं..."

"काय? मोठ्याने बोल!"

लानने तोंड उघडलं. मोठ्याने बोलायचं म्हणजे सगळ्या सेटदेखत, त्या सूटवाल्यादेखत ओरडून सांगायचं की आई, तो सिनेमा माझा नाही, तुला मी उगाच बोलावलं, मला बहिणीने फसवलं. तिला ते ओरडता आलं नाही. मीसुद्धा ओरडले नसते.

"माझी एकुलती एक आहेस तू!" म्हातारी ओरडत होती, आणि आता तिचा आवाज फाटला होता. "आजवर इतक्यांदा मेलीस, दर वेळी मी उदबत्ती लावली, तुला कधी बोलले नाही. पण हे बघवत नाही मला. दोन्ही हातांनी घे. माझ्यासाठी घे."

लानने दोन्ही हात पुढे केले आणि पाकीट घेतलं.

वरचे दिवे लागले. फोंगने उदबत्ती लावली, चौरंगासमोर वाकून नमस्कार केला, आणि सुरी घेऊन डुक्कर कापलं. कुणीतरी म्हणालं फटाके कुठायत, कुणीतरी म्हातारीच्या हातातली माळ घेतली. तिला वाटलं, हे सगळं लेकीचंच चाललंय. स्वतःच्या फटाक्यांचा आवाज तिला तेवढा ऐकू यायचा. टाळ्या वाजवत होती. लानने मला त्या पाकिटातले पैसे दिले आणि म्हणाली, "साम-कू, तिळाचे लाडू मागव." मी मागवले. या वेळी कुणी हात लावला नाही, म्हातारीने मात्र दोन खाल्ले.

आईला लानने सांगितलं की आपला सिनेमा नंतर आहे, हा दुसराच. म्हातारीने ते मानलं. मी मुद्दाम तिच्या कानाशी काही बोलले नाही, लानने मला हात जोडले होते.

सिनेमा तुफान चालला. फोंगला त्यात पावलोपावली त्या फोटोपुढे वाकायचं होतं. उदबत्ती लावायची, मुलाला चौरंगापुढे बसवायचं, शेवटी हुंदके देत म्हणायचं की ताई, तुझं घर मी नीट सांभाळलं. तो शॉट एका झटक्यात झाला. लाउसाहेबांनी स्वतः डोळे पुसले. वर्तमानपत्रांत आलं की असं खरं रडणं पडद्यावर कधी पाहिलं नाही. खरं असेलही. मला त्याचं काय करायचंय? तेही विकून तर टाकलंच ना.

फोंगने माणसं पाठवली, फळांच्या टोपल्या पाठवल्या, एकदा स्वतः गच्चीवरच्या खोलीपर्यंत आली. लानने दार उघडलं, म्हणाली, "मी मेलेय ना? मग कुणाशी बोलायला आलीस?" आणि दार लावलं. एवढंच. शिव्या नाहीत, शाप नाहीत. मी असते तर जिना उतरेपर्यंत तिला ऐकवलं असतं.

त्यानंतर लानने सगळीकडे एकच अट घातली, की मी मरणार नाही. निर्माते हसायचे. क्वान पिक-लान मरणार नसेल तर तिला घ्यायचं कशाला? वर्षभरात काम बंद झालं आणि ती मकाऊला गेली, बदामाच्या बिस्किटांच्या एका दुकानात साच्यांमध्ये पीठ ठोकायला लागली. मी सणासुदीला जायची. हात पिठाने पांढरे, चेहरा उन्हाने रापलेला. तिच्या चेहऱ्याला रंग लागलेला पुन्हा मी पाहिला नाही.

तो सिनेमा मकाऊला लागला तेव्हा मी तिथेच होते. लान जाणार नव्हती. म्हातारी मात्र एकटी गेली, लेकीचा चेहरा आहे म्हटल्यावर ती थांबते कशाला. आम्ही दोघी घरी भाताची पेज ढवळत बसलो. दर वेळी ती सिनेमा अर्धा टाकून यायची. या वेळी आलीच नाही. पेज थंड झाली, पुन्हा गरम केली. लान दोनदा दारापर्यंत जाऊन आली.

शेवटी जिन्यावरूनच तिचा आवाज आला. "आ-लान! शेवट बघितला मी!"

ती आत आली, धापा टाकत, चेहरा नुसता फुललेला. लानचे दोन्ही दंड धरले. "होतीस की गं तू शेवटपर्यंत! मी म्हटलं आता मरशील, मग मरशील, म्हणून जीव मुठीत धरून बसले. मरायचं ते आधीच मरून झालेलं होतं! मग कशाची भीती? लोक आले नि गेले, तो मुलगा केवढा मोठा झाला, तू आपली तिथेच. शेवटच्या चित्रातसुद्धा तूच मागे. मी सांगितलं शेजारच्या बाईला, ती माझी मुलगी, शेवटच्या रिळापर्यंत आहे."

लानने मान हलवली. "हो, आई. होते."

"आणि एकटी नव्हतीस," म्हातारी म्हणाली. तिने चपला काढल्या, पेजेचा वाडगा जवळ ओढला. "खांद्यावर कुणाचा तरी हात होता. फुलाखाली. मी नीट बघितलं. कुणाचा गं हात तो?"

मी पटकन तोंड उघडलं. लानने माझ्याकडे न बघता माझा गुडघा दाबला. मग आईच्या कानापाशी वाकून, तिला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने म्हणाली, "बहिणीचा!"

"आ-फोंगचा होय?" म्हातारी पेज भुरकत म्हणाली. "मग बरं. तिचा हात आहे तोवर मला काळजी नाही."